फुकटच्या प्लगइनमधलं ‘चित्र’

सर्व्हरवर ‘नल्ड’ (परवान्याची तपासणी काढून फुकट वाटलेलं) प्लगइन टाकणाऱ्यांनी क्रिप्टोपीएचपी प्रकरण जरूर वाचावं. नोव्हेंबर 2014 मध्ये नेदरलँड्सच्या फॉक्स-आयटी या सुरक्षा कंपनीने ते उघडकीस आणलं. वर्डप्रेस, जूमला, ड्रुपलच्या पायरेटेड थीम-प्लगइनमध्ये एकच ओळ घुसडलेली: ‘सोशल डॉट पीएनजी’ इन्क्लूड करा. आता पीएचपीला चित्र इन्क्लूड करून काय करायचंय? आत चित्र नव्हतंच, मुद्दाम दुर्बोध केलेला पीएचपी कोड होता! साइट वरून ठणठणीत, आतून हल्लेखोरांचे हुकूम पाळणारी. अशा बाधित सर्व्हरचे 23 हजारांहून अधिक आयपी पत्ते सापडले.

प्लगइनचंच कशाला, विंडोज सर्व्हरचे पायरेटेड अ‍ॅक्टिव्हेटर तर आधी अँटिव्हायरस बंद करायला सांगतात, वर अ‍ॅडमिनचे हक्क मागतात. कमाल आहे!

नल्ड प्लगइन टाकलंच असेल, तर नुसतं ते उडवून भागत नाही. अ‍ॅडमिन युजरची यादीही तपासा. क्रिप्टोपीएचपी तिथे स्वतःचं खातं उघडून ठेवायचं.