पाच बोटांवर लेकराच्या लसी



किन्हीराजाच्या आपल्या वस्तीत घरोघर फिरताना आम्ही एक प्रश्न हमखास विचारतो, "बाळाची पुढची सुई कधी?" बहुतेक घरी उत्तर येते, "आशाताई सांगेल तेव्हा." आशाताई सांगतेच. पण कुटुंब वीटभट्टीवर किंवा पुण्या-मुंबईला कामाला गेले, की आपली आशाताई तिथे नसते. एका घरी असेच झाले. दोन वेळच्या सुया गावात झाल्या, मग सारे घर कामाला बाहेर पडले आणि कार्ड पावसात भिजून गेले. परतले तेव्हा लेकरू चौदा महिन्यांचे झाले होते आणि गोवराची सुई राहिली होती. दोष त्या माउलीचा नव्हता. आम्ही कार्डावर तारीख लिहून दिली होती, पण तिच्या लक्षात राहील अशा रीतीने सांगितले नव्हते.

म्हणून लसींची अवघड नावे बाजूला ठेवू. घरच्यांना वेळ पाठ असली तरी पुरे. पहिल्या वर्षात पाच फेऱ्या असतात आणि हाताला बोटेही पाच.

अंगठा म्हणजे जन्म. बीसीजी, पोलिओचा डोस आणि काविळीची सुई. काविळीची सुई जन्मानंतर चोवीस तासांच्या आत मिळाली पाहिजे.
पहिले बोट म्हणजे दीड महिना.
मधले बोट म्हणजे अडीच महिने.
अंगठीचे बोट म्हणजे साडेतीन महिने.
करंगळी म्हणजे नऊ महिने. गोवर-रुबेलाची पहिली सुई आणि तोंडाने 'अ' जीवनसत्त्व.

मधल्या तीन फेऱ्यांत पेंटा ही मुख्य सुई. घटसर्प, डांग्या खोकला, धनुर्वात, कावीळ ब आणि हिब अशा पाच आजारांपासून ती वाचवते. सोबत पोलिओ आणि रोटाचे डोस तोंडाने देतात. या तीन फेऱ्यांतल्या सुया 'तीन-एक-तीन' अशा लक्षात ठेवा. दीड महिन्याला तीन सुया: डाव्या मांडीत पेंटा, उजव्या मांडीत न्यूमोनियाची, उजव्या दंडावर पोलिओची. अडीच महिन्याला फक्त पेंटाची एक. साडेतीनला पुन्हा त्याच तीन. नऊ महिन्यांनाही न्यूमोनिया आणि पोलिओची शेवटची सुई असते. काही जिल्ह्यांत मेंदूज्वराचीही लस देतात, ती सिस्टर सांगतील.

वर्षानंतरच्या फेऱ्या कमी असतात. त्यासाठी आम्ही महिला मंडळात चार ओळी जुळवल्या. बाळाला झोके देताना म्हणा:

जन्मल्याबरोबर पहिली सुई, दीड, अडीच, साडेतीनला जाई,
नऊ भरले की गोवराची, सोळा भरले की पुन्हा त्याची,
पाच, दहा, सोळा वर्षांला
धनुर्वाताची सुई लेकराला.

यात 'भरले' हा शब्द महत्त्वाचा आहे. आपल्याकडे नववा लागला की नऊ महिने झाले असे म्हणतात. पण नववा लागला तेव्हा आठच पूर्ण झालेले असतात. गोवराची सुई नऊ पूर्ण झाल्यावर आणि वर्षाच्या आत घ्यायची. दुसरी सोळा ते चोवीस महिन्यांत, त्याच वेळी त्रिगुणी आणि पोलिओचा बूस्टरही असतो.

आता तारीख कशी काढायची ते पाहू. दीड महिना म्हणजे सहा आठवडे, अडीच म्हणजे दहा, साडेतीन म्हणजे चौदा. हिशेब आठवड्यांचा असल्यामुळे वार बदलत नाही. लेकरू मंगळवारी जन्मले असेल तर या तिन्ही सुया मंगळवारीच येतात. समजा, बाळ १४ एप्रिलला जन्मले. तर पहिली २६ मे, दुसरी २३ जून, तिसरी २१ जुलै. नऊ महिने १४ जानेवारीला भरतील आणि सोळा महिने पुढच्या १४ ऑगस्टला. त्या दिवशी लसीकरण नसेल तर त्यानंतरच्या पहिल्या लसीकरणाच्या दिवशी जा, आधी नको. या तारखा कॅलेंडरवर गोल करून ठेवा आणि आजीला, बाबालाही दाखवा. कामाची घाई आईला असते, म्हणून आठवण घरातल्या दोघा-तिघांना असावी.

फेरी चुकली तर लाजून घरी बसू नका. सुया पहिल्यापासून घ्याव्या लागत नाहीत, जिथे थांबल्या तिथून पुढे सुरू होतात. पेंटाच्या दोन सुयांत मात्र किमान चार आठवड्यांचे अंतर हवे. परगावी असाल तर तिथल्या सरकारी दवाखान्यातही लस मोफत मिळते. कार्डाचा फोटो मोबाईलमध्ये ठेवा आणि कार्ड प्लास्टिकच्या पिशवीत. साधी सर्दी किंवा थोडी कणकण असली तरी लस देता येते. सुईनंतर अर्धा तास तिथेच थांबा. त्या रात्री थोडा ताप आला तर घाबरू नका, सिस्टरांनी सांगितलेले औषध द्या. सुईच्या जागी हळद, तेल, शेक काही नको. ताप दोन दिवसांनीही उतरला नाही, बाळ दूध ओढेना किंवा झटका आला, तर लगेच दवाखाना गाठा.

एवढा आग्रह का? २०२२ च्या अखेरीस मुंबईत गोवंडीच्या वस्त्यांत, भिवंडीत आणि मालेगावात (आपल्या तालुक्याचे नव्हे, नाशिक जिल्ह्यातले) गोवराची साथ आली. लेकरे दगावली. आजारी पडलेल्यांत लस न घेतलेली किंवा अर्धवट घेतलेली बरीच होती. दाटीच्या घरांत गोवर फार वेगाने पसरतो आणि आपली घरे दाटीचीच आहेत.

रमाई आणि बाबासाहेबांनी पाचपैकी चार लेकरे गमावली. धाकटा राजरत्न १९२६ साली गेला. तेव्हा गरिबाच्या लेकरासाठी आजच्यासारखी मोफत लसीकरणाची सोय नव्हती. आज ती गावात आहे आणि आपल्या हक्काची आहे.

आज रात्री जेवणे झाली की घरातले कार्ड काढा. पाच बोटे मोजा. एखादे बोट रिकामे निघाले, तर उद्या सकाळी आशाताईंना गाठा. आणि शेजारच्या घरी तान्हे बाळ असेल, तर त्याच्या आजीलाही ही बोटे शिकवा.