स्टोलन जूल्स, द

अमेरिकन विनोदी लघुबोलपट (१९३१). नामवंत नटनटी स्वतःच्याच नावाने वावरतात अशा आरंभीच्या ध्वनियुक्त लघुपटांचा हा लक्षणीय नमुना होय. दिग्दर्शक विल्यम मगॅन. दोन रिळांचा हा लघुपट सु. वीस मिनिटांचा असून ब्रिटनमध्ये तो द स्लिपरी पर्ल्स या नावाने दाखविण्यात आला.

वॉर्नर ब्रदर्सने १९२६ मध्ये व्हायटाफोन ध्वनिपद्धती प्रचारात आणली. तेव्हापासून व्होडव्हिल या विविधरंजनाच्या रंगभूमीवरील कलावंतांचे छोटे बोलपट निघू लागले. जॉर्ज बर्न्झ व ग्रेसी ॲलन यांचा लॅमचॉप्स (१९२९) हा त्यांपैकीच एक. मात्र बोलपट व रेडिओ यांच्या प्रसाराने व्होडव्हिलचा ऱ्हास वेगाने झाला आणि अनेक कलावंतांची उपजीविका बुडाली. न्यूयॉर्क राज्यातील सॅरनॅक लेक येथे या कलावंतांसाठी क्षयरोग-आरोग्यधाम होते. स्ट्रेप्टोमायसीनपूर्व काळात दीर्घ विश्रांती, शुद्ध हवा व सकस आहार हाच क्षयावरील मुख्य उपचार असल्याने अशा संस्थेस सतत पैसा लागे. तो उभारण्यासाठी हॉलिवुडमधील मास्कर्स क्लबने हा लघुपट काढला व पॅरामाउंटने तो वितरित केला. फुप्फुसाच्या रुग्णांसाठी काढलेल्या या लघुपटास चेस्टरफील्ड या सिगारेटच्या उत्पादकांनी साहाय्य केले, हा विरोधाभास आज विशेष जाणवतो.

नॉर्मा शिअररचे दागिने चोरीस जातात व एक गुप्तहेर एकेका ताऱ्याची चौकशी करीत हिंडतो, एवढेच कथानक. या सैल रचनेमुळे प्रत्येकास अल्पकाळ पडद्यावर आणणे सुलभ झाले. एरवी निरनिराळ्या निर्मितिसंस्थांशी करारबद्ध असलेले जोन क्रॉफर्ड, गॅरी कूपर, मॉरिस शेव्हालिए, एडवर्ड जी. रॉबिन्सन इ. कलावंत त्यात एकत्र दिसतात. बस्टर कीटन आणि लॉरेल व हार्डी हे मात्र पोलिसांच्या वेषात येतात; लॉरेल व हार्डी यांची मोटार खिळखिळी होऊन कोसळते. येथील विनोद प्रसंगापेक्षा प्रेक्षकांच्या पूर्वपरिचयावर आधारलेला आहे : रॉबिन्सनला पाहताच लिट्ल सीझर (१९३१) मधील गुंड आठवतो, यातच गंमत. म्हणूनच त्या काळातील बोलपट न पाहिलेल्यांना त्यातील अनेक सूचक उल्लेख उमगत नाहीत. पुढे पॅरामाउंटच्या हॉलिवुड ऑन परेड या लघुपटमालेनेही ताऱ्यांच्या अशाच दर्शनाचा उपयोग केला. सॅरनॅक लेक येथील आरोग्यधामास विनोदकार विल रॉजर्स यांच्या मृत्यूनंतर (१९३५) त्यांचे नाव देण्यात आले.