हलव्याचे दागिने

हलव्याचे दागिने हे मकरसंक्रांतीच्या निमित्ताने काटेरी हलव्याच्या दाण्यांपासून तयार केले जाणारे अलंकार होत. विवाहानंतरच्या पहिल्या संक्रांतीस नववधूला व जावयाला, तसेच बोरन्हाणाच्या प्रसंगी लहान बालकाला हे दागिने घालण्याची प्रथा महाराष्ट्रात आहे. एरवी मिठाई ही खाण्याची वस्तू. येथे ती अंगावर मिरवण्याची वस्तू होते. मुंबईच्या उपनगरांत, विशेषतः मराठी वस्ती असलेल्या बोरिवली, मुलुंड, अंधेरी व घाटकोपर या भागांत, ही प्रथा सोसायटीच्या सभागृहांपर्यंत पोहोचली असून पौष महिन्यात दुकानांतून तयार दागिन्यांचे संच विक्रीस असतात.

संज्ञा

‘हलवा’ हा शब्द मूळ अरबी असून गोड पदार्थ असा त्याचा अर्थ आहे. गाजराचा किंवा दुधी भोपळ्याचा हलवा हा मऊ, तुपात परतलेला पदार्थ. संक्रांतीचा हलवा मात्र कोरडा, कडक, पांढराशुभ्र व अंगभर काटे असलेला असतो. मराठीत दोहोंना एकच नाव असल्याने अमराठी पाहुण्यांचा हमखास गोंधळ उडतो. दाण्यावर टोके उमटू लागली की ‘हलव्याला काटा आला’ असे म्हणतात.

हलवा करण्याची पद्धत

प्रत्येक दाण्याच्या गाभ्यात एखादे बी किंवा धान्य असते. तीळ व खसखस यांचा बारीक हलवा होतो. साबुदाणा, शेंगदाणे, लवंग, बडीशेप, वेलदोड्याचे दाणे, डाळे यांचा मोठा. दागिन्याच्या कोणत्या भागास कोणता दाणा लागेल, यावर ही निवड ठरते.

साखर बुडेल इतके पाणी घालून पाक उकळतात. त्यात चमचाभर दूध टाकले की मळी वर येते. ती काढून पाक गाळून घेतात. मंद निखाऱ्यांच्या शेगडीवर परात ठेवून तीत तीळ पसरतात आणि चमच्याने थोडा थोडा पाक सोडत बोटांच्या टोकांनी दाणे अलगद फिरवत राहतात. एक थर वाळला की दुसरा. हे काम रोज काही तास, असे तीन-चार दिवस चालते. विस्तव तेज झाला तर साखर वितळून दाणे एकमेकांस चिकटतात. पाक घट्ट झाला तर साखरेचा भुगा पडतो. हात जोराने फिरला तर आलेला काटा मोडून दाणा गुळगुळीत होतो. कृती वाचून हे साधत नाही. परातीची ऊब बोटांना कळावी लागते, आणि ती कळेपर्यंत बोटे भाजतात.

काटा का येतो, याचे कारण स्फटिकीभवनात आहे. पाकातील पाणी उडून गेले की साखरेचे स्फटिक दाण्यावर बसतात. पृष्ठभागावर एखादा उंचवटा तयार झाला की नव्या पाकाचा व तापलेल्या परातीचा स्पर्श त्यालाच आधी होतो. म्हणून उंचवटा वाढत जातो व खळगा मागे राहतो. थंड, कोरडी हवा यास अनुकूल असते. संक्रांत ऐन हिवाळ्यात येते हे सोयीचेच; परंतु मुंबईच्या दमट हवेत हलव्यास पाणी सुटण्याची भीती असते व तयार हलवा लगेच घट्ट झाकणाच्या डब्यात ठेवावा लागतो.

जपानमधील ‘कोन्पेइतो’ ही मिठाई याच तत्त्वावर तयार होते. पोर्तुगीज ‘कोन्फेइतो’ या शब्दावरून तिचे नाव आले असून १५६९ मध्ये लुइस फ्रोइस या धर्मोपदेशकाने ती ओदा नोबुनागा या सरदारास भेट दिली होती. जपानी राजघराण्यातील समारंभांत ती लहान डबीतून देतात. तिच्या शिंगांचे कोडे तेरादा तोराहिको या भौतिकशास्त्रज्ञासही पडले होते. अर्थात, केवळ साम्यावरून दोहोंचा उगम एक मानता येणार नाही.

दागिन्यांचे प्रकार

वधूच्या संचात बिंदी, कर्णफुले, नथ, मंगळसूत्र, चिंचपेटी, तन्मणी, बाजूबंद, बांगड्या, कंबरपट्टा, अंगठी व केसांत माळण्याची वेणी असते. जावयास हार, गुच्छ व हलव्याने मढवलेला नारळ देतात. अलीकडे हलव्याचे मनगटी घड्याळही दिसते. बाळासाठी मुकुट, बासरी, कडी व हार करतात. हे दागिने काळ्या वस्त्रावर घालतात: वधूची काळी चंद्रकळा, बाळाचे काळे झबले. एरवी मंगलप्रसंगी टाळला जाणारा काळा रंग या एका सणास आवर्जून वापरला जातो. तो ऊब धरतो असे कारण दिले जाते. पांढरा हलवा त्यावर उठून दिसतो, हेही तितकेच खरे.

जुन्या पद्धतीत दाणा सुईने भोसकत नाहीत, कारण तो फुटतो. दुहेरी दोऱ्याच्या फासात एकेक दाणा अडकवून गाठ मारतात. काट्यांमुळे दोऱ्याची पकड घट्ट बसते. असा दागिना समारंभानंतर सोडून खाता येतो.

बोरन्हाण

संक्रांतीपासून रथसप्तमीपर्यंत सोयीच्या दिवशी साधारणतः एक ते पाच वर्षांच्या बालकाचे बोरन्हाण करतात. औक्षणानंतर बोरे, उसाचे करवे, हरभऱ्याचे घाटे, चुरमुरे, बत्तासे व हलवा यांचे मिश्रण बालकाच्या डोक्यावरून ओततात आणि जमलेली मुले ते वेचतात. ऋतूतील नवी फळे मुलांच्या पोटात जावीत, हा त्यामागील हेतू सांगितला जातो. बोरिवलीचे नाव बोरीच्या झाडांशी जोडले जाते. तेथील बोरन्हाणासाठी आता बोरे मात्र बाजारातूनच आणावी लागतात. हलव्याचे दाणे, डाळे किंवा बोराची आठळी लहान बालकाच्या घशात अडकू शकते. त्यामुळे वर्ष-दीड वर्षाच्या बाळाच्या बाबतीत कठीण जिन्नस वगळून नुसते चुरमुरे ओतणे व बाळाच्या हाताकडे लक्ष ठेवणे इष्ट ठरते.

सद्यःस्थिती

घरी हलवा करणाऱ्या स्त्रिया आता थोड्या आहेत. हलवा यंत्राच्या फिरत्या भांड्यातही तयार होतो आणि घरगुती व्यवसाय करणाऱ्या महिला तो विकत घेऊन दागिने गुंफतात. मागणी मात्र घटलेली नाही. परदेशस्थ कुटुंबांसाठीही संच पाठवले जातात. प्रवासात दागिना टिकावा आणि काम लवकर व्हावे म्हणून दोऱ्याऐवजी पुठ्ठा, मखमली कागद, जर, मणी व गोंद यांचा वापर वाढला आहे. त्यामुळे नक्षी अधिक नाजूक झाली. परंतु गोंदाने चिकटवलेला हलवा खाण्यास योग्य राहत नाही. असे संच शोभेची वस्तू म्हणून जपून ठेवले जातात, एका घरातून दुसऱ्या घरी वापरण्यास दिले जातात, काही ठिकाणी भाड्यानेही मिळतात. हलवा खाण्याजोगा हवा असल्यास दोऱ्यात गुंफलेले दागिने आगाऊ सांगून करून घ्यावे लागतात. गुंफणाऱ्या स्त्रीचा एका संचामागे बराच वेळ जात असल्याने त्यांची किंमत गोंदाच्या संचापेक्षा अधिक असते.