मांजराच्या नजरेची भाषा

‘मांजर डोळे मिटून दूध पिते’ ही म्हण आपण सर्वांनी ऐकलेली आहे. आपले कृत्य जगाला दिसत नाही अशी समजूत करून घेणाऱ्या माणसाला ती लावतात. माणसापुरती ती खरी असेल. मांजरावर मात्र तिने अन्याय केला आहे. मांजराचा डोळा दूरची हालचाल टिपण्यासाठी घडलेला आहे. नाकापासून वीतभर अंतरातले त्याला नीट दिसत नाही. तेथे वास आणि मिशा यांवरच त्याचे काम चालते. मग वाटीत तोंड घातल्यावर डोळे मिटण्यात लबाडी ती कसली? उलट, धोका वाटतो तेथे मांजर डोळे मिटतच नाही.

हा विषय केवळ करमणुकीचा नाही. घरातले मूल मांजराला घट्ट कवटाळते, त्याच्या डोळ्याला डोळा भिडवते आणि बोचकारा खाते. लगेच निकाल लागतो, ‘मांजर उलटले!’ मग त्याला पोत्यात घालून गावाबाहेर सोडून येतात. वस्तुतः मांजराने आधी रीतसर नोटीस दिलेली असते. ती कोणी वाचलेली नसते, एवढेच.

ही नोटीस कशी असते? प्रथम शेपटीचे टोक हलू लागते, मग सगळी शेपटी फटकारे मारू लागते. कुत्र्याच्या शेपटीवरून आपण मांजराची पारख करतो, येथेच फसगत होते. कुत्र्याचे शेपूट बहुधा आनंदाने हलते. मांजराची फटकारणारी शेपटी ‘आता पुरे’ असे सांगते. मांजराचा नमस्कार निराळा. शेपटी सरळ उभी, टोक किंचित वाकलेले, अशा थाटात ते आपल्याकडे येते. कान आडवे पडून मागे वळले, अंग ताठ झाले की रागाची किंवा भीतीची वेळ आली असे समजावे. बाहुल्या अंधारात मोठ्या होतातच. परंतु भर उजेडात त्या मोठ्या झाल्या तर मांजर घाबरलेले तरी असते किंवा खेळाच्या भरात तरी असते. अशा खुणांचे वर्णन चार्ल्स डार्विननेही १८७२ साली प्रसिद्ध केलेल्या, भावनांच्या आविष्कारावरील ग्रंथात चित्रांसह केले आहे.

आता नजरेकडे वळू. आपले पाळीव मांजर हे आफ्रिका व पश्चिम आशियातील रानमांजराचे वंशज. ते एकट्याने शिकार करणारे जनावर. दोन बोके कुंपणावर समोरासमोर आले की एकमेकांवर नजर रोखतात. पुष्कळदा त्यांतला एक हळूच मान फिरवतो आणि मारामारी टळते. म्हणजे रोखलेली नजर हे मांजरांत आव्हान आहे. आपण प्रेमाने टक लावून पाहतो, तेव्हा आपले प्रेम त्याच्यापर्यंत धमकीच्या वेषात पोचण्याचा संभव असतो.

याच्या उलट खूण आहे ती डोळे हळूहळू मिटण्याची. इंग्लंडमधील ससेक्स व पोर्ट्समथ येथील विद्यापीठांच्या संशोधकांनी २०२० साली यावरील प्रयोग प्रसिद्ध केले. प्रथम १४ घरांतील २१ मांजरांसमोर त्यांच्याच घरच्या माणसांनी सावकाश डोळे मिटले. मांजरेही तेव्हा अधिक प्रमाणात डोळे बारीक करू लागली. दुसऱ्या प्रयोगात २४ मांजरांपुढे परका मनुष्य बसला. त्याने डोळे हळू मिटून हात पुढे केला तेव्हा, निर्विकार चेहऱ्याने बसला होता त्यापेक्षा, मांजरे त्याच्या हाताकडे अधिक वेळा आली. हे घरी कोणालाही करून पाहता येईल. थोडे दूर बसावे, चेहरा सैल सोडावा, डोळे सावकाश मिटावे व उघडावे, बोट पुढे करावे आणि थांबावे. मांजर आले तर गालाशी खाजवावे. न आले तर मुकाट उठून जावे.

हे ‘थांबणे’च आमच्या मते सर्वांत महत्त्वाचे आहे. आम्ही कामगार चळवळीतली माणसे. जे काही शिकलो ते वाचनालयाच्या बाकावर आणि कारखान्याच्या फाटकावर. मुकादमाने डोळे वटारले की कामगार मान खाली घालून गप्प राहतो, आणि वर अहवाल जातो की खात्यात सर्व समाधानी आहेत! कवटाळलेले मांजर अंग आखडून निश्चल बसते, तेव्हा आपणही असाच अहवाल लिहितो. निश्चल बसणे म्हणजे संमती नव्हे. ज्याला उठून जाण्याची मोकळीक आहे, तो जवळ बसला तरच त्याला विश्वास म्हणावे.

मुलांना घरी एवढे जरी शिकवले, की मांजराला धरू नका, त्याला येऊ द्या, तरी किती बोचकारे टळतील आणि किती पोती रिकामी राहतील! मांजर आपली भाषा थोडीबहुत शिकलेच आहे. मोठी मांजरे आपसांत फारशी म्याव करीत नाहीत, ते बोलणे मुख्यतः माणसासाठी असते. त्याच्या भाषेतले चार शब्द शिकण्याची पाळी आता आपली आहे.