वाटेवरचे बेट : सेंट हेलेना

दक्षिण अटलांटिक महासागराच्या नकाशावर आफ्रिका आणि दक्षिण अमेरिका या दोन खंडांच्या दरम्यान एक बारीकसा ठिपका दिसतो. त्याचे नाव सेंट हेलेना. लांबी सुमारे १६ किलोमीटर, रुंदी त्याच्या निम्मी आणि लोकसंख्या साडेचार हजारांच्याही आत. आफ्रिकेचा किनारा येथून सुमारे १,९५० किलोमीटर दूर आहे. सर्वांत जवळची वस्ती म्हणजे असेन्शन नावाचे दुसरे बेट, तेही सुमारे १,३०० किलोमीटरवर.

नेपोलियनचा अखेरचा बंदिवास येथे झाला, एवढे बहुतेकांना शाळेपासून ठाऊक असते. परंतु त्या बंदिवासाची पाच-सहा वर्षे बाजूला ठेवून बेटाच्या पाचशे वर्षांचा जमाखर्च मांडला, तर व्यापारी घराण्यांच्या ओळखीची एक कहाणी समोर येते. ती आहे एकाच गिऱ्हाइकावर चालणाऱ्या पेढीची.

गोव्याहून आलेला पहिला रहिवासी

परंपरेने असे मानतात की, २१ मे १५०२ रोजी हिंदुस्थानातून परतणाऱ्या जोआंव द नोव्हा या पोर्तुगीज कप्तानाला हे बेट प्रथम दिसले. त्या वेळी येथे मनुष्यवस्ती नव्हती. गोडे पाणी मात्र विपुल होते आणि डोंगरमाथे दाट झाडीने झाकलेले होते.

पहिला कायमचा रहिवासी आला तो गोव्याच्या इतिहासातून. फर्नांव लोपिश हा पोर्तुगीज सैनिक आपल्या पक्षाला सोडून विजापूरच्या आदिलशाही फौजेला मिळाला होता व त्याने इस्लाम स्वीकारला होता. १५१२ मध्ये बाणस्तारीचा किल्ला पडला तेव्हा तो व त्याचे साथीदार आल्बुकर्कच्या हाती लागले. जीवदानाचे वचन पाळले गेले. पण त्याचे नाक, कान, उजवा हात आणि डाव्या हाताचा अंगठा छाटण्यात आला. पुढे, सुमारे १५१६ मध्ये, मायदेशी परतत असताना त्याने वाटेत सेंट हेलेनावर उतरून राहणे पसंत केले. अशा विद्रूप चेहऱ्याने स्वजनांसमोर जाण्यापेक्षा निर्जन बेट त्याला बरे वाटले असावे.

जहाज दिसले की तो लपून बसे. खलाशी त्याच्यासाठी किनाऱ्यावर बिस्किटे, कपडे, बियाणे ठेवून जात. थोट्या हातांनी त्याने झाडे लावली, भाजीपाला पिकवला, जनावरे पाळली. कालांतराने त्याला पोर्तुगालला नेण्यात आले, रोमला जाऊन पोपकडून त्याने क्षमाही मिळवली. परंतु मागणे मागितले ते बेटावर परत जाण्याचे. १५४५ च्या सुमारास तेथेच त्याचा अंत झाला. पुढील जहाजांना मिळालेल्या ताज्या फळांमागे या एका माणसाचे श्रम होते.

वाऱ्याने दिलेले गिऱ्हाईक

शिडाच्या जहाजांना वाऱ्याच्या मर्जीनेच मार्ग आखावा लागे. हिंदुस्थान व चीनकडून मसाले, कापड, चहा घेऊन निघालेली जहाजे आफ्रिकेच्या दक्षिण टोकाला वळसा घालीत. तेथून आग्नेयेकडून वाहणारे व्यापारी वारे त्यांना थेट सेंट हेलेनाच्या दिशेने नेत. महिनोन्‌महिने समुद्रावर काढलेल्या खलाशांना पाणी, फळे व भाजी येथे मिळे. ताज्या अन्नावाचून होणाऱ्या स्कर्व्ही या रोगाने माणसे मरत, तेव्हा या थांब्याचे मोल सोन्याहून अधिक होते.

ईस्ट इंडिया कंपनीने हे मोल ओळखले. १६५७ च्या सनदेने मिळालेला अधिकार वापरून १६५९ मध्ये तिने येथे वसाहत व किल्ला उभारला. दोन उंच कड्यांमधील अरुंद दरीत जेम्सटाउन हे गाव वसले. आज तेथे फिरणाऱ्या प्रवाशाला अठराव्या-एकोणिसाव्या शतकांतील इमारतींची रांग जवळजवळ जशीच्या तशी दिसते. शेजारच्या कड्यावर चढणाऱ्या ६९९ पायऱ्यांना 'जेकबची शिडी' म्हणतात.

कंपनीने वसाहतीसाठी इंग्रज आणले, गुलाम म्हणून आफ्रिकी व आशियाई माणसे आणली, पुढे चिनी मजूरही आणले. या सर्वांचे मिश्र वंशज आज स्वतःला 'सेंट' म्हणवतात.

१८१५ च्या ऑक्टोबरात नेपोलियनला येथे आणले गेले. त्याच्या पहाऱ्यासाठी फौज व आरमार आले, बाजारात पैसा खेळू लागला. ५ मे १८२१ रोजी तो लाँगवूड येथील घरात वारला आणि ती तेजीही ओसरली. १८४० मध्ये त्याचे अवशेष पॅरिसला नेण्यात आले. हे घर व रिकामी कबर आज फ्रान्सच्या मालकीची आहेत.

१८३४ मध्ये कंपनीची सत्ता संपून बेट ब्रिटिश राजसत्तेकडे गेले. कंपनीची फौज व नोकऱ्या गेल्या, अनेक कुटुंबे केपकडे निघून गेली.

रुपर्ट दरीचे ऋण

१८४० पासून ब्रिटिश आरमाराने पकडलेल्या गुलामवाहू जहाजांतील आफ्रिकी माणसे येथे उतरवली जाऊ लागली. तीन दशकांत अशी सुमारे २५ हजार माणसे आली. जहाजाच्या तळाशी कोंबून आणल्यामुळे अनेकजण मरणपंथाला लागलेले असत. सुमारे आठ हजार जणांना रुपर्टच्या दरीत व आसपास पुरले गेले. विमानतळाच्या रस्त्यासाठी तेथे खोदकाम झाले तेव्हा ३२५ जणांचे अवशेष हाती आले. ते वर्षानुवर्षे साठवणीत राहिले आणि २०२२ मध्ये त्यांना पुन्हा सन्मानाने भूमीत विसावा मिळाला. ज्या रस्त्याने आज प्रवाशांसाठीचा माल जातो, त्याखाली हा इतिहास आहे. येथे येणाऱ्याने लाँगवूडइतकाच वेळ या दरीलाही द्यावा.

दोनदा बुडालेला धंदा

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास वर्षाला हजाराच्या आसपास जहाजे येथे थांबत. १८६९ च्या नोव्हेंबरात सुएझ कालवा खुला झाला. पूर्वेची वाट आता इजिप्तमधून जाऊ लागली. आफ्रिकेला वळसा घालणाऱ्या आगबोटींनाही वाऱ्याची वा वाटेतल्या थांब्याची गरज उरली नाही. १८८९ पर्यंत जहाजांची वार्षिक संख्या तीनशेच्या खाली आली. बेटावर कोणाचीही चूक झाली नव्हती. गिऱ्हाईक दुसऱ्या रस्त्याने जाऊ लागले होते.

मग विसाव्या शतकाच्या आरंभी न्यूझीलंड फ्लॅक्स या वनस्पतीच्या तंतूंचा उद्योग उभा राहिला. त्यापासून दोर व सुतळी होई आणि टपालाच्या थैल्या बांधण्यासाठी ब्रिटिश टपालखाते ती घेई. डोंगरउतार या पिकाने व्यापले. टपालखाते कृत्रिम धाग्याच्या सुतळीकडे वळले आणि १९६६ मध्ये शेवटची गिरणी बंद झाली. ओस पडलेले ते हिरवे पट्टे डोंगरांवर आजही दिसतात. त्यानंतर तरुण पिढी असेन्शन, फॉकलंड व इंग्लंडकडे रोजगारासाठी जात राहिली. आजही बेटाचा अर्थसंकल्प ब्रिटनच्या वार्षिक अनुदानाशिवाय उभा राहत नाही.

नवी वाट

२०१७ पर्यंत प्रवाशांना येथे पोहोचण्याचा नित्य मार्ग म्हणजे केपटाउनहून निघणारे टपालजहाज. प्रवास पाच-सहा दिवसांचा. सुमारे २८ कोटी ५० लाख पौंड खर्चून विमानतळ बांधला गेला. पण कड्यांवरून येणाऱ्या वाऱ्याच्या धोकादायक झोतांमुळे २०१६ मधले उद्‌घाटन लांबले आणि वृत्तपत्रांनी थट्टा केली. अखेर लहान विमान निवडून १४ ऑक्टोबर २०१७ रोजी जोहान्सबर्गहून नियमित सेवा सुरू झाली. पुढच्याच वर्षी टपालजहाज निवृत्त झाले.

भारतीय कुटुंबाला जायचे असल्यास दक्षिण आफ्रिकेमार्गे जावे लागते. तेथील प्रवेशपरवान्याची तजवीज आधी करावी. वैद्यकीय विमा सक्तीचा आहे. ताजी भाजी बेटावर मर्यादित मिळते आणि बाहेरून ताजी फळे, बियाणे वा मध नेण्यावर निर्बंध आहेत, म्हणून शाकाहारी प्रवाशाने निवासस्थानी आधीच कळवून ठेवणे इष्ट. जानेवारी ते मार्च या काळात प्रचंड देहाचे व्हेल शार्क किनाऱ्याजवळ येतात. येथेच आढळणारा वायरबर्ड हा टिटवीच्या कुळातील लहानसा पक्षी माळरानांवर दिसतो, तर डायनाज पीक या सुमारे ८२० मीटर उंच शिखराभोवती जगात अन्यत्र नसलेली नेचांची झाडी धुक्यात उभी असते.

या वेळी बेटाने सारे पैसे एकाच खात्यात ठेवलेले नाहीत. समुद्रतळावरून आलेल्या केबलमुळे २०२३ पासून वेगवान इंटरनेट मिळू लागले. १७३३ मध्ये येमेनहून आणलेल्या वाणाची कॉफी थोड्या प्रमाणात पण चांगल्या भावाने विकली जाते. पर्यटक अपेक्षेइतके आले नसले तरी येत आहेत.

गव्हर्नरच्या निवासस्थानासमोरील हिरवळीवर जोनाथन नावाचे कासव चरत असते. १८८२ मध्ये ते सेशेल्सहून येथे आले. त्याचे वय १९० वर्षांहून अधिक मानले जाते. त्याच्या हयातीत बंदरातली जहाजे विरळ झाली, फ्लॅक्सच्या गिरण्या सुरू होऊन बंद पडल्या, टपालजहाज गेले आणि विमान आले. त्याची दृष्टी आता गेली आहे, तरी काळजी घेणाऱ्याचा आवाज ऐकताच ते मान उंचावून पुढे येते.