बेटावरचा सोनेरी सर्प

दक्षिण अमेरिका खंडातील ब्राझील देशाच्या किनाऱ्यापासून सुमारे ३५ किलोमीटर अंतरावर, अटलांटिक महासागरात, केइमादा ग्रांदे नावाचे एक खडकाळ बेट आहे. त्याचे क्षेत्रफळ अवघे ४३ हेक्टर, म्हणजे अर्ध्या चौरस किलोमीटरहूनही कमी. परंतु या चिमुकल्या बेटावर उतरण्यास सामान्य माणसाला सरकारची मनाई आहे. दीपस्तंभाची निगा राखणारे नौसैनिक आणि परवाना मिळालेले शास्त्रज्ञ, एवढेच काय ते तेथे जाऊ शकतात. कारण या बेटाचा खरा धनी एक जहरी सर्प आहे.

तेथील लोक त्याला 'जराराका इल्योआ', म्हणजे बेटावरचा जराराका, असे म्हणतात. रंग फिकट सोनेरी, डोके भाल्याच्या पात्यासारखे त्रिकोणी आणि लांबी साधारणपणे पाऊण मीटर. डोळा व नाकपुडी यांच्यामध्ये त्याला एक लहानशी खळगी असते. तिच्या योगाने आसपासच्या प्राण्याच्या अंगची ऊब त्याला काळोखातही कळते. आपल्या सह्याद्रीत आढळणारा चापडा हा अशाच खळगीच्या सापांपैकी एक होय.

मुलांनो, हा सर्प त्या बेटावर पोहोचला तरी कसा? तो कोठूनही आला नाही; समुद्रच त्याच्याभोवती आला! सुमारे ११,००० वर्षांपूर्वी हिमयुग संपून सागराची पातळी चढली आणि किनाऱ्यालगतची ही टेकडी पाण्याने वेढली गेली. तिच्यावरचे सर्प मुख्य भूमीवरील आपल्या भाऊबंदांपासून कायमचे तुटले.

मुख्य भूमीवर जराराका उंदरांवर पोट भरतो. या बेटावर मात्र उंदीर नाहीत. तेव्हा बेटावरचा सर्प झाडांवर चढू लागला व दूरदेशी जाताना विसाव्यास थांबणारे पक्षी पकडू लागला. मुख्य भूमीवरील सर्प उंदराला दंश करून सोडतो आणि मग वासाच्या मागाने त्याला गाठतो. पक्षी सोडला तर तो उडून समुद्रात पडायचा! म्हणून बेटावरचा सर्प भक्ष्य तोंडातच घट्ट धरून ठेवतो. त्याचे विषही पक्ष्यांवर विशेष त्वरेने चालते. बेटावर कायम राहणारे पक्षी त्याच्या तावडीत सहसा सापडत नाहीत. त्यामुळे पाहुण्या पक्ष्यांचा हंगाम येईपर्यंत त्याला पुष्कळदा धीर धरावा लागतो. त्याची पिले गोमा, बेडूक यांसारख्या लहान जिवांवर वाढतात.

या बेटावर लक्षावधी साप आहेत, अशी वदंता आहे. परंतु शास्त्रज्ञांच्या अंदाजाप्रमाणे त्यांची संख्या दोन ते चार हजारांच्या आसपासच असावी. जगात अन्यत्र कोठेही हा सर्प रानात आढळत नाही. चोरटे व्यापारी त्याला पकडून विकतात. पूर्वी माणसांनी येथील झाडी जाळली. 'केइमादा' या शब्दाचा अर्थच 'जळालेली' असा आहे. एखादा मोठा वणवा किंवा रोगाची एखादी साथ आली, तर ही जात कायमची नाहीशी होईल.

'असा घातकी प्राणी नाहीसा झाला तर बिघडले कोठे?' असे कोणी विचारील. याचे उत्तर मुख्य भूमीवरील जराराकानेच दिले आहे. त्याच्या विषात रक्तदाबावर परिणाम करणारे द्रव्य असल्याचे ब्राझीलचे शास्त्रज्ञ सर्जियो फेरैरा यांनी १९६५ साली दाखवून दिले. त्याच धाग्यावरून पुढे कॅप्टोप्रिल हे औषध तयार झाले आणि असंख्य रुग्णांना त्याचा लाभ झाला. बेटावरच्या सर्पाच्या विषात काय दडले आहे, हे पुरते कळण्याआधीच तो नष्ट झाला, तर ते ज्ञान कोणत्याही मोलाने परत मिळणार नाही.

ज्या समुद्राने या सर्पाला कोंडले, त्यानेच त्याला आजवर राखले. यापुढे त्याला राखणे माणसाच्या हाती आहे. ज्याचे भय वाटते, त्याच्यापासून दूर राहावे, हे शहाणपण खरे. परंतु दूर राहून त्याला जगू देणे, हे त्याहून मोठे शहाणपण होय.