एका अक्षराची साखर

(३आर,४आर,५आर)-१,३,४,५,६-पेंटाहायड्रॉक्सीहेक्सान-२-ओन.

दचकू नका, हे एका साखरेचं नाव आहे. पांढरी, दाणेदार, जिभेवर ठेवली की सरळ गोड लागणारी साखर. अंजिरात आणि बेदाण्यात ती असते, पण इतकी थोडी की चिमटीतही यायची नाही. बाजारात तिला अ‍ॅल्युलोज म्हणतात आणि जुन्या शोधनिबंधांत सायकोज. मग एवढी सुटसुटीत नावं असताना हे मालगाडीसारखं नाव कशाला हवं?

आपल्या ‘साखर’ या शब्दाकडेच आधी बघू. तो आला ‘शर्करा’वरून, आणि शर्करा म्हणजे खडे, रेव. बोटांना जे लागलं तेच नाव झालं. पुढे हा शब्द फारसी आणि अरबीतून प्रवास करत युरोपात पोचला आणि तिथे ‘शुगर’ झाला. सुंदर नाव आहे, पण त्यावरून साखरेचा रेणू कसा असतो हे कुणालाही सांगता येणार नाही. वरच्या लांबलचक नावाचं तसं नाही. ही साखर कधी न पाहिलेल्या, कधी न चाखलेल्या रसायनशास्त्रज्ञाला जगाच्या कुठल्याही टोकाला हे एवढं नाव वाचून दाखवा. तो कागद घेईल आणि अख्खा रेणू अणूला अणू जोडून बिनचूक काढून देईल. १८९२ साली जिनिव्हात जमलेल्या रसायनशास्त्रज्ञांनी नावं ठेवायची जी पद्धत सुरू केली, तिची ही करामत. नाव असं हवं की त्यातच नकाशा असावा.

तो नकाशा वाचायचा कसा? पोस्टात पत्रं वेगळी करणारा माणूस पत्ता वाचतो तसा, शेवटून. आधी जिल्हा, मग गाव, मग गल्ली आणि सगळ्यात शेवटी खोली.

शेवटी आहे ‘ओन’. हा ‘अ‍ॅसिटोन’मधला ओन. कुठल्यातरी कार्बनने ऑक्सिजनला दोन्ही हातांनी धरलंय, एवढं तो सांगतो. कुठल्या कार्बनने? ‘२’, म्हणजे दुसऱ्या. त्याच्या अलीकडे ‘हेक्सान’, म्हणजे सहा कार्बनची सरळ साखळी. त्याच्याही अलीकडे ‘पेंटाहायड्रॉक्सी’, म्हणजे ऑक्सिजन-हायड्रोजनच्या पाच जोड्या. आणि त्या टांगायच्या कुठे? १, ३, ४, ५ आणि ६ या खुंट्यांवर. दोन नंबरची खुंटी ऑक्सिजनने आधीच अडवलेली आहे. झाला की रेणू!

इथे जरा थांबायलाच हवं. ‘पेंटा’ हा ग्रीक शब्द आणि आपला ‘पंच’ एकाच घरातले आहेत. ‘हेक्स’, संस्कृतातला ‘षष्’ आणि आपला ‘सहा’ हेही सख्खे नातेवाईक. हजारो वर्षांपूर्वी एका भाषेतून फुटलेल्या या फांद्या आहेत. म्हणजे हे परकं वाटणारं नाव मोजतं आपल्याच आकड्यांत.

पण खरी गंमत अजून आलेलीच नाही. आतापर्यंत नावाचा जेवढा भाग वाचला, तेवढा एकट्या अ‍ॅल्युलोजचा नाही. अगदी तेवढंच नाव फळांतल्या आणि मधातल्या साखरेचं, फ्रुक्टोजचंही आहे. क जीवनसत्त्व तयार करताना कारखान्यात जी वापरतात त्या सॉर्बोजचंही आहे. टॅगॅटोजचंही आहे. अणू तेच, संख्या तीच, खुंट्याही त्याच. हा पत्ता सांगितला तर एका दारात आठ साखरा उभ्या राहतील!

आठच का? त्यासाठी कार्बनचे हात बघायला हवेत.

कार्बनला चार हात असतात आणि ते कागदावर काढतो तसे सपाट पसरलेले नसतात. तिवई डोळ्यांसमोर आणा. तीन पाय खाली फाकलेले आणि चौथा दांडा वरच्या बाजूला सरळ उभा. आता या चार हातांत चार वेगवेगळ्या वस्तू दिल्या, तर त्या देण्याच्या दोनच तऱ्हा निघतात, आणि एक तऱ्हा दुसरीचं आरशातलं रूप असते. कितीही फिरवा, उलटी करा, ती दुसरीवर तंतोतंत बसत नाही. उजव्या आणि डाव्या चपलेचं नातं हेच. दोन्हींचं कातडं एक, शिलाई एक, वजन एक, पण उजवी चप्पल डाव्या पायात घालून चार पावलं चालून बघा.

आपल्या साखरेत अशा चार वेगळ्या वस्तू धरलेले कार्बन तीन आहेत, तिसरा, चौथा आणि पाचवा. प्रत्येकाला दोन पर्याय. दोन गुणिले दोन गुणिले दोन, आठ. नावाच्या सुरुवातीचा कंस नेमका या तीन चपलांबद्दल बोलतोय. ३आर, ४आर, ५आर.

हा ‘आर’ ठरतो कसा? चार हातांतल्या वस्तूंना मान द्यायचा, ज्या वस्तूचा अणू अणुक्रमांकात मोठा त्याला पहिला मान. इथे सगळ्यात धाकटा हायड्रोजन. त्याला आपल्यापासून लांब, मागच्या बाजूला ठेवायचं आणि उरलेल्या तिघांकडे बघत पहिल्याकडून दुसऱ्याकडे, दुसऱ्याकडून तिसऱ्याकडे जायचं. देवळात आपण प्रदक्षिणा घालतो त्या दिशेने, घड्याळाच्या काट्यांसारखं जावं लागलं, तर तो ‘आर’. उलटं जावं लागलं तर ‘एस’. लॅटिनमधले ‘रेक्टस’ आणि ‘सिनिस्टर’ हे दोन शब्द त्यामागे आहेत, आणि सिनिस्टर म्हणजे डावा. कान, इनगोल्ड आणि प्रेलॉग या तीन रसायनशास्त्रज्ञांनी विसाव्या शतकाच्या मध्यावर ही रीत घालून दिली. मला तर ती फार देखणी वाटते. रेणू डोळ्यांना दिसत नाही, तरी त्याच्याभोवती मनाने एक फेरी मारायची आणि पाऊल कुठल्या बाजूला वळलं एवढंच लिहून ठेवायचं.

आता फ्रुक्टोजचं पूर्ण नाव ऐका: (३एस,४आर,५आर)-१,३,४,५,६-पेंटाहायड्रॉक्सीहेक्सान-२-ओन.

दिसला फरक? एवढ्या मोठ्या नावात एकच अक्षर बदललंय. तिसऱ्या कार्बनवर ‘आर’च्या जागी ‘एस’. एका खुंटीवरची जोडी उजवीकडची डावीकडे टांगली, बाकी रेणू जसाच्या तसा.

आणि त्या एका अक्षराने काय काय व्हावं! फ्रुक्टोज आपल्या नेहमीच्या साखरेपेक्षा गोड, तर अ‍ॅल्युलोजची गोडी नेहमीच्या साखरेच्या ७० टक्क्यांच्या आसपास. नेहमीच्या साखरेतून ग्रॅममागे ४ कॅलरी मिळतात. अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने २०१९ मध्ये अ‍ॅल्युलोजसाठी धरला तो आकडा आहे ०.४, दहावा हिस्सा! पाकिटावरच्या ‘एकूण साखर’ या रकान्यातही तिला मोजू नका, असं त्यांनी सांगितलं. नावात साखर, चवीत साखर, केकमध्ये घालून भाजली तर साखरेसारखीच तांबूस होणारी, आणि हिशेबात साखर नाही. पोटात गेल्यावर तिचा मोठा भाग आतड्यातून रक्तात शिरतो, शरीरभर हिंडतो आणि लघवीवाटे जवळजवळ जसाच्या तसा बाहेर पडतो. पेशींच्या भट्टीत तो जळतच नाही. (म्हणून वाटीभर खावी असं मात्र नाही. फार खाल्ली तर पोट बिघडतं.)

असं का व्हावं? आपल्या शरीरात साखरेवर काम करणारी विकरं, म्हणजे एन्झाइम, स्वतःही डावी-उजवी असतात. ती हातमोज्यासारखी आहेत. फ्रुक्टोजचा हात मोज्यात अलगद जातो. अ‍ॅल्युलोजचं एकच बोट वाकडं, पण मोजा चढत नाही तो नाहीच.

या साखरेला आणखी एक शास्त्रीय नाव आहे, आणि ते मला पहिल्यापेक्षाही आवडतं: डी-रायबो-हेक्स-२-युलोज. नाव छोटं, पण त्यात दोन अख्ख्या गोष्टी दडल्या आहेत.

पहिली ‘डी’ची. डी म्हणजे लॅटिन ‘डेक्स्टर’, उजवा. आपल्या ‘दक्षिण’ या शब्दाचा हा भाऊ. संस्कृतात दक्षिण म्हणजे उजवी बाजूही, आणि देवाला उजव्या हाताला ठेवून फिरायचं ती प्रदक्षिणा. साखरेचा रेणू कागदावर उभा काढला की खालून दुसऱ्या कार्बनवरची जोडी उजवीकडे असेल तर ती साखर ‘डी’. पण खऱ्या रेणूत ती उजवीकडेच आहे हे कुणी पाहिलं? कुणीच नाही! १८९१ मध्ये एमिल फिशर या जर्मन शास्त्रज्ञाने साखरांच्या रचना केवळ प्रयोग आणि तर्काच्या बळावर उलगडल्या. कुणाची जोडी कुणाच्या कुठल्या बाजूला, हे सगळं नातं त्याने जुळवलं. फक्त एक गोष्ट कळायला त्या काळी काहीच मार्ग नव्हता. हे अख्खं चित्र खरं, की त्याचं आरशातलं प्रतिबिंब खरं? फिशरने एक बाजू धरली आणि पुढे गेला. छापा की काटा, इतकीच ती निवड होती. १९०२ मध्ये त्याला नोबेल मिळालं, १९१९ मध्ये तो गेला आणि साखरांची सगळी वंशावळ त्या निवडीवर उभीच राहिली. अखेर १९५१ मध्ये नेदरलँड्समधल्या युट्रेक्टला बायफूट आणि त्याच्या सहकाऱ्यांनी टार्टारिक आम्लाच्या एका क्षारावर क्ष-किरण टाकून खरी बाजू शोधून काढली. ६० वर्षांनी निकाल लागला. फिशरचा छापा छापाच निघाला होता! तो काटा निघाला असता तर जगातल्या प्रत्येक साखरेचं चित्र उलटं करून काढावं लागलं असतं.

दुसरी गोष्ट ‘रायबो’ची, आणि ती सुरू होते डिंकापासून. बाभळीच्या कुळातल्या झाडांना खाच पडली की डिंक पाझरतो. युरोपात तो अरबस्तानच्या वाटेने जायचा म्हणून त्याचं नाव पडलं अरबी डिंक. त्यात सापडणाऱ्या एका साखरेचं नाव झालं अरेबिनोज. फिशरने १८९१ मध्ये याच अरेबिनोजपासून तिची एक बहीण प्रयोगशाळेत तयार केली. तिचं नाव काय ठेवायचं? अरेबिनोजचीच अक्षरं घेतली, काही गाळली, काही हलवली आणि केलं ‘रायबोज’. रसायनशास्त्रात हा खेळ आणखीही झालाय. ‘झायलोज’ची पहिली तीन रोमन अक्षरं उलटी लिहून ‘लिक्झोज’ केलं, ‘ग्लुकोज’ची अक्षरं हलवून ‘गुलोज’. पण रायबोजचं पुढे काय झालं बघा. १९०९ मध्ये फीबस लेव्हीन या शास्त्रज्ञाला ती सजीवांच्या पेशीत सापडली. आरएनएमधला ‘आर’ म्हणजे हीच रायबोज, आणि डीएनएच्या लांब नावातला ‘रायबो’ही हिचाच. आयुष्याची पोथी ज्या रेणूंत लिहिलेली आहे त्यांच्या नावात डिंकाच्या नावाची हलवलेली अक्षरं बसली आहेत!

आपल्या साखरेत तिसऱ्या, चौथ्या आणि पाचव्या कार्बनवरच्या तिन्ही जोड्या एकाच बाजूला ओळीने उभ्या असतात, रायबोजमध्ये असतात तशाच. म्हणून ती ‘रायबो’. आणि फ्रुक्टोजचं या रीतीचं नाव? डी-अरेबिनो-हेक्स-२-युलोज! मघाशी जो फरक ‘आर’ आणि ‘एस’चा होता, तोच इथे डिंक आणि डिंकाच्या अक्षरफेराचा झाला.

‘अ‍ॅल्युलोज’ हे बाजारातलं नावही काही उगाच पडलेलं नाही. अ‍ॅलोज नावाच्या साखरेची ही जोडीदार, आणि तिच्या मुळाशी आहे ग्रीक ‘अ‍ॅलॉस’, म्हणजे दुसरा, वेगळा. ‘युलोज’ ही शेपटी ‘ओन’वाल्या साखरांची खूण. प्रयोगशाळेतल्या वहीत सायकोज, पाकिटावर अ‍ॅल्युलोज आणि रचना सांगायची असेल तेव्हा आकड्यांचं लांब नाव. घरी एक हाक, शाळेच्या दाखल्यावर दुसरं नाव, तसंच हे.

अशा क्वचित आढळणाऱ्या साध्या साखरांना जपानमध्ये ‘किशोतो’, दुर्मीळ साखर, म्हणतात. तिथल्या शिकोकू बेटावरच्या कागावा विद्यापीठात केन इझुमोरी यांनी आयुष्यभर याच साखरांचा पिच्छा पुरवला. १९९०च्या दशकाच्या सुरुवातीला त्यांना एक जिवाणू सापडला, तोही कृषी विद्याशाखेच्या उपाहारगृहाजवळच्या मातीत! या जिवाणूकडे एक विकर होतं. ते फ्रुक्टोजचा रेणू धरतं, फक्त तिसऱ्या कार्बनवरची जोडी या बाजूची त्या बाजूला करतं आणि सोडून देतं. ‘एस’ खोडून ‘आर’ लिहिणारी लेखणीच म्हणा. ही अभिक्रिया दोन्ही दिशांनी चालते, त्यामुळे साधारण चौथा हिस्सा फ्रुक्टोज बदललं की काटा स्थिरावतो. तरी केवढी कमाई! जी साखर ग्रॅमच्या तराजूवर मोजायची, ती आता स्वस्तातल्या फ्रुक्टोजपासून पोत्यांनी करता येते.

पण ही साखर आपल्या अंगणातही फार आधीपासून आहे. साखर कारखान्यात उसाच्या रसात चुना घालतात आणि रस तापवतात. चुना आणि उष्णता मिळाली की फ्रुक्टोजचे काही थोडे रेणू आपोआप कूस बदलतात. साखरेचे दाणे काढून घेतल्यावर खाली उरते ती काळी, दाट मळी. मळीत यीस्ट सोडतात, ते उरलेलं ग्लुकोज आणि फ्रुक्टोज खाऊन त्याचा अल्कोहोल करतं. खाऊन झाल्यावर जे उष्टं राहतं त्यात काय असतं, हे १९४०च्या दशकात रसायनशास्त्रज्ञांनी तपासलं, आणि त्यात त्यांना ही साखर सापडली. यीस्टने तिला तोंडच लावलं नव्हतं. एक साधी पेशी, ना तिला डोळे ना अक्षरओळख, पण मळीने भरलेल्या त्या अंधाऱ्या टाकीत ती रेणूमागून रेणू हाताळत जाते आणि तिसऱ्या कार्बनवर ‘आर’ दिसला की तेवढा बाजूला ठेवते.